फितूर कोण? हर्णै-बाणकोटच्या एका दिवसाची हकीगत

जुलै २०२५ मध्ये युनेस्कोनं मराठ्यांचे बारा किल्ले जागतिक वारशाच्या यादीत घातले. त्यात रत्नागिरी जिल्ह्यातला एकच आहे. हर्णैचा सुवर्णदुर्ग. तेव्हापासून आमच्या भागात किल्ले दाखवणारांचा धंदा बरा चाललाय. सकाळी खेड स्टेशनला गाडी घ्यायला येते. गाडीत ड्रायव्हर आणि एक माहिती सांगणारा. दिवसभरात दापोली, हर्णै, केळशी, बाणकोट, मंडणगड अशी जुनी लढायांची ठिकाणं दाखवतात आणि रात्री पुन्हा स्टेशनला आणून सोडतात. दुपारचं जेवण त्यांचंच. गाडी आपली एकट्याची, सोबत परकं कुणी नाही.

दिवाळीनंतर आम्ही तिघं गेलो. मी, माझा भाचा आणि आमचे काका. काका ऐंशीच्या पुढचे, मुंबईत गिरणीत उमर गेली. १९८२ च्या संपानंतर गिरणी सुटली, मग गावाकडं आले. मंडणगड तालुक्यातली आमची बौद्धवाडी. जन्म गेला ह्या मुलखात, पण सुवर्णदुर्ग त्यांनी पाहिला नव्हता. म्हणाले, "किनाऱ्यावरनं लई टायम बगितलाय. आत कोन नेनार आमाला?"

दापोलीला गाडी चहाला थांबली. काकांनी विचारलं, "ह्यो कॅम्प न्हवं?" माहिती सांगणारा पोरगा म्हणाला, "हो काका, पण इथं बघण्यासारखं काही नाही. थंड हवा आहे, बास." चहा प्यायलो, निघालो.

ह्या वाक्याकडं मी नंतर येणार आहे. आधी हर्णै.

हर्णैच्या किनाऱ्यावर तीन छोटे किल्ले आहेत. गोवा किल्ला, कनकदुर्ग आणि फत्तेगड. समोर पाण्यात सुवर्णदुर्ग. होडीनं पंधरा-वीस मिनिटं लागतात. दरवाजा होडीतून पटकन नजरेला पडत नाही, तटाच्या वळणात लपवलाय. पायरीवर कासव कोरलंय, भिंतीवर मारुती. आत झाडोरा माजलाय, पाण्याच्या विहिरी आहेत, पडकी जोती आहेत. काका एका जोत्यावर बसले. पोरगा सांगू लागला. चांगलं सांगत होता, खोटं कशाला बोलू. कान्होजी आंग्रे, त्याचं आरमार, इंग्रज, पोर्तुगीज, सिद्दी सगळे कसे त्याला टरकून असायचे ते त्यानं रंगवून सांगितलं. मग तुळाजी आंग्रे. मग १७५५ साली कमोडोर जेम्स आला आणि किल्ला पडला.

आणि मग तो म्हणाला, "सर, आपल्याला शाप एकच. फितुरी. आपल्यातलेच लोक इंग्रजांना सामील झाले. इथं तेच, पुढं कोरेगावला तेच."

तो आम्हाला ओळखत नव्हता. आडनावावरून त्याला काही कळलं नसावं. काका शांतपणे म्हणाले, "सामील झाले म्हंजे कोन झाले?" पोरगा घुटमळला. म्हणाला, "म्हणजे... तेव्हाचे लोक."

मित्रांनो, हा लेख त्या "तेव्हाच्या लोकां"चा आहे. ज्या किल्ल्यात उभं राहून तो पोरगा बोलत होता तो किल्ला कुणी पाडला, कुणी पाडवला, ह्याचा हिशेब साफ आहे. तो आधी मांडू.

मार्च १७५५. पुण्यात पेशवा बाळाजी बाजीराव, म्हणजे नानासाहेब. त्याचं आणि तुळाजी आंग्र्याचं वाकडं. तुळाजी त्याला जुमानत नव्हता. ह्या पेशव्यानं मुंबईच्या इंग्रजांशी करार केला. करार असा की दोघांनी मिळून आंग्र्याला बुडवायचं. समुद्रातून इंग्रजांनी यायचं, जमिनीवरून पेशव्याच्या फौजेनं. पेशव्याच्या बाजूनं रामाजी महादेव कारभार बघत होता. कमोडोर विल्यम जेम्स 'प्रोटेक्टर' जहाज घेऊन मुंबईहून निघाला, वाटेत पेशव्याचं आरमार त्याला येऊन मिळालं. एप्रिलच्या पहिल्याच आठवड्यात सुवर्णदुर्गावर तोफा लागल्या. आत आग लागली, दारूगोळ्याचा साठा उडाला, बायकापोरांसकट माणसं जीव घेऊन पळाली. किल्ला पडला. किनाऱ्यावरचे किल्लेही गेले. किल्ला इंग्रजांनी करारापरमाणं पेशव्याच्या स्वाधीन केला.

पुढच्या वर्षी, फेब्रुवारी १७५६ मध्ये, तोच डाव विजयदुर्गावर. अॅडमिरल वॉटसन आणि क्लाइव्ह. तिथं आंग्र्याचं आख्खं आरमार जळून गेलं. मराठी मुलखातलं सगळ्यात जबर आरमार इंग्रजांच्या तोफांनी जाळलं, आणि इंग्रजांना तिथवर आणलं पुण्याच्या पेशव्यानं. तुळाजी पुढं पेशव्यांच्याच कैदेत मेला. ऑक्टोबर १७५६ च्या तहात पेशव्यानं विजयदुर्ग घेतला आणि इंग्रजांना बाणकोट कायमचा दिला. इंग्रजांनी त्याचं नाव 'फोर्ट व्हिक्टोरिया' ठेवलं. कोकणच्या किनाऱ्यावर कंपनीचा पाय असा रोवला गेला.

जेम्स श्रीमंत होऊन विलायतेला गेला. तो मेल्यावर त्याच्या बायकोनं १७८४ साली लंडनजवळ शूटर्स हिलवर त्याच्या आठवणीसाठी एक तिकोनी मनोरा बांधला. नाव 'सेव्हर्नड्रूग कॅसल'. सेव्हर्नड्रूग म्हणजे आपला सुवर्णदुर्ग. तो मनोरा आजही उभा आहे.

हे मी पोराला तिथंच सांगितलं. त्याला १७५५ चा करार ठाऊक होता. तो म्हणाला, "सर, ते राजकारण होतं."

बरं. मग १८०२ घ्या.

त्या वर्षी दिवाळीत यशवंतराव होळकरानं पुण्याजवळ पेशव्याच्या फौजेचा फडशा पाडला. दुसरा बाजीराव पुणं सोडून पळाला. महाडला आला, महाडहून ह्याच सुवर्णदुर्गाला आला, आणि इथून इंग्रजांच्या जहाजात बसून वसईला गेला. ३१ डिसेंबर १८०२ ला वसईचा तह झाला. तहात काय? इंग्रजांची फौज आपल्या राज्यात ठेवायची, तिच्या खर्चाला मुलूख तोडून द्यायचा, इंग्रजांना विचारल्याशिवाय कुणाशी लढायचं नाही, तह करायचा नाही. पेशवाई खरी बुडाली ती ह्या दिवशी. कोरेगावची लढाई त्यानंतर पंधरा वर्षांनी.

पोरगा म्हणाला, "ते पण राजकारणच म्हणायचं, सर. नाइलाज होता त्यांचा."

म्हणजे पेशव्यानं इंग्रज आणला की राजकारण. पेशवा इंग्रजांच्या जहाजात बसला की नाइलाज. आणि ज्याला गावात पाणवठा नाही, देवळात पाय नाही, ज्याची सावली विटाळ, त्यानं महिना सात रुपयांवर कंपनीची बंदूक उचलली की ती फितुरी! राज्य ज्यांचं होतं त्यांना नाइलाजाची सवलत मिळते. ज्यांचं काहीच नव्हतं त्यांच्याकडनं मात्र इमानाची वसुली करायची. कुणाशी इमान? कशाच्या बदल्यात? शब्द तोच, माणूस बघून त्याचा अर्थ फिरतो. आपल्या देशात इतिहास असाच लिहिला गेला, आणि तोच आता गाडीत बसवून दाखवला जातो. त्या पोराला मी दोष देत नाही. त्यानं शाळेत वाचलं तेच तो सांगतो.

आता कोरेगाव. १ जानेवारी १८१८. कॅप्टन स्टाँटन शिरूरहून पुण्याकडं निघालेला, सोबत पायदळ, घोडेस्वार, तोफखाना मिळून आठशेच्या आसपास माणसं. समोर पेशव्याची मोठी फौज. भीमेच्या काठी दिवसभर लढाई झाली. अन्न नाही, पाणी नाही. रात्री पेशव्याची फौज हटली. १८२१ साली तिथं स्तंभाचा पाया घातला. स्तंभावर मेलेल्यांची नावं आहेत. त्यातली बावीस नावं महारांची मानली जातात, 'नाक' ह्या शेवटावरून ती ओळखू येतात. बाकीची इतरांची आहेत, मराठ्यांची आहेत, मुसलमानांची आहेत. हे आपण मान्य करायला घाबरू नये. आणि पेशव्याच्या बाजूनं त्या दिवशी सगळ्यात पुढं होऊन कोण लढलं? भाडोत्री अरब. त्यांनाही कुणी काही म्हणत नाही, त्यांच्या मालकालाही नाही.

बाबासाहेब १ जानेवारी १९२७ ला कोरेगावला गेले. शिवराम जानबा कांबळे ह्यांच्यासारखे जुने कार्यकर्ते तिथं अगोदरपासून जमवाजमव करत होते. बाबासाहेबांनी हा प्रश्न टाळला नाही. आपली माणसं इंग्रजांकडून लढली, लोक ह्याला देशद्रोह म्हणतात, हे त्यांनी पुढं स्वच्छ लिहिलं. त्यांचं म्हणणं असं की द्रोह म्हणा किंवा म्हणू नका, हे घडणं साहजिक होतं. घरच्यांच्या जुलमातून परका सोडवील ह्या आशेनं माणसं परक्याला मिळाल्याचे दाखले जगाच्या इतिहासात जागोजाग आहेत. आणि पेशव्यांच्या पुण्यात अस्पृश्याला थुंकण्यासाठी गळ्यात मडकं बांधून फिरावं लागे, हे त्यांनी १९३६ साली 'जातिसंहारा'च्या निबंधात नोंदवून ठेवलंय. ज्याच्या गळ्यात मडकं त्याच्याकडनं निष्ठेची अपेक्षा कोण करतो?

पण आपण आपली बाजूही तपासली पाहिजे. नुसता स्तंभ दाखवून छाती फुगवली की काम भागत नाही. डोंगरी किल्ल्यांच्या घेऱ्यात, मेटांवर, रात्रीच्या रानात पहारा कुणाचा असायचा? महार, मांग, रामोशी, बेरड ह्यांचा. तटाच्या आत वेगळे, तटाबाहेर हे. शत्रू आला की पहिला वार ह्यांच्यावर. म्हणजे किल्ला राखायलाही आपलीच माणसं, आणि १८१८ ला किल्ले घेणाऱ्या मुंबई पलटणीतही आपलीच माणसं. दोन्हीकडनं आपणच मेलो. जिंकलेला किल्ला मात्र आपल्याला राहायला कुणीच दिला नाही. हे मी म्हटल्यावर भाचा म्हणाला, "मामा, मग आपण ह्यात जिंकलो काय?" ह्या सवालाचं उत्तर सुवर्णदुर्गावर नव्हतं.

दुपारी केळशीकडून बाणकोटला गेलो. किल्ला लहान, पण जागा अशी की सावित्रीचं मुख हातात. पलीकडं हरिहरेश्वर, पेशव्यांचं कुलदैवत. त्याच्यापुढं श्रीवर्धन, त्यांचं मूळ गाव. म्हणजे आपल्या देवाच्या समोरचा किल्ला त्यांनी इंग्रजाला दिला. पोरगा आता आमच्याशी मोकळा बोलत होता. त्यानं विचारलं, "सर, ही नदी कुठून येते?" मी म्हटलं, महाबळेश्वरला उगम पावते आणि महाडावरून येते. चवदार तळ्याचं महाड. १ जानेवारी १९२७ ला बाबासाहेब कोरेगावला, आणि २० मार्चला ह्याच सावित्रीकाठच्या महाडात तळ्यावर. अडीच महिन्यांचं अंतर आहे. एका ठिकाणी शंभर वर्षांपूर्वीच्या मेलेल्यांना सलाम, दुसऱ्या ठिकाणी जिवंत माणसांसाठी पाणी. महाडच्या लढ्यात पलटणीतून पेन्शनीत आलेली माणसं होती. कवायत शिकलेली माणसं. गोळी न झाडता रांगेनं जाऊन पाणी प्यायची ही लढाई. युद्धभूमी दाखवणाऱ्या गाडीनं महाडला का जाऊ नये?

संध्याकाळी आंबडव्याला पोचलो. बाबासाहेबांचं मूळ गाव. स्मारकापाशी काकांनी चपला काढल्या, हात जोडले. आत्मकथनात बाबासाहेबांनी सांगितलंय की आमचं घराणं मूळ दापोली तालुक्यातलं, आणि कंपनीचं राज्य सुरू झाल्यापासून पूर्वजांनी गावकीचं काम सोडून फौजेची नोकरी धरली. वडील रामजी सुभेदार झाले, फौजेच्या शाळेत शिकवत होते. पेन्शनीत आल्यावर कुटुंब घेऊन दापोलीला आले, काही वर्षं राहिले, मग साताऱ्याला गेले.

इथं मला त्या भाच्याच्या सवालाचं उत्तर लागलं. परतीच्या वाटेवर दापोलीला गाडी पुन्हा थांबवायला लावली. ड्रायव्हर म्हणाला, "दादा, टाइम होतोय. इथं काय बघायचंय अंधारात?" मी म्हटलं, दहा मिनिटं.

ज्या जागेवर "बघण्यासारखं काही नाही" ती जागा अशी. १८१८ ला मुलूख घेतल्यावर इंग्रजांनी दक्षिण कोकणची छावणी दापोलीला घातली. म्हणून कॅम्प. १८४० ला मुख्य पलटण हलवली, पण निवृत्त होत आलेल्या शिपायांची पलटण १८५७ पर्यंत राहिली. पुढंही पेन्शनर इथंच घरं करून राहिले. मुंबईच्या फौजेला शिपाई पुरवणारा मुलूख म्हणजे रत्नागिरी जिल्हा, आणि त्यात महार भरपूर. फौजेत पोरांना शिकवायची सोय होती, शिकणं भाग होतं. गावात ज्याला पाटीला हात लावू देत नव्हते तो पलटणीत धुळाक्षरं गिरवून, हिशेब शिकून, पेन्शन घेऊन कॅम्पात आला. गोपाळबाबा वलंगकर महाडकडच्या रावढळचे. १८८६ ला फौजेतून निवृत्त झाले, दापोलीला राहिले. 'अनार्य दोष परिहारक मंडळी' काढली. १८८८ ला 'विटाळ विध्वंसन' छापलं, विटाळाला शास्त्राचा आधार काय म्हणून सवाल टाकले. आपल्या हातानं आपला सवाल छापणारा आपला पहिला माणूस ह्या कॅम्पातला.

आणि मग इंग्रजानं काय केलं? १८९२-९३ च्या सुमाराला महारांची भरती बंद केली. आता त्याला 'लढाऊ जाती' हव्या होत्या, आणि त्या यादीत महार बसत नव्हते. कोरेगावचा स्तंभ उभा, आणि स्तंभावरच्या माणसांची नातवंडं दाराबाहेर. १८९४ ला वलंगकरांनी अर्ज लिहिला, आम्हीही क्षत्रिय होतो, आम्हाला घ्या. वाचून आज बरं वाटत नाही. ज्या माणसानं विटाळाला लाथ मारली त्यालाही पोटासाठी क्षत्रियपणाचा दाखला शोधावा लागला. १९१० ला शिवराम जानबा कांबळ्यांनी पुन्हा अर्ज केला. १९१७ ला महायुद्धाची नड लागली तेव्हा १११ महार पलटण उभी केली, नड सरली, १९२१ ला मोडली. १९४१ ला पुन्हा युद्धाची नड, तेव्हा बेळगावला महार रेजिमेंट. गरज असली की शूर, गरज सरली की महार. हे पेशव्यानंही केलं, इंग्रजानंही केलं.

म्हणून सांगतो, आपण जिंकलो ते किल्ल्यावर नाही. कॅम्पातल्या त्या शाळेच्या फरशीवर जे थोडंफार हाताला लागलं तेवढंच आपलं. तेही कुणी दया म्हणून दिलं नव्हतं, त्यासाठी आपली माणसं मेली होती. पुढचं सगळं, वलंगकर काय, रामजी सुभेदार काय, महाड काय, तिथून निघालं.

गाडीच्या बाहेर काका उभे होते. अंधारात बोलू लागले. त्यांचा पणजा पलटणीत होता. पेन्शनीत गावी आला तेव्हा सोबत एक लोखंडी पेटी होती. तो मेलेलं ढोर ओढायला जाईना. गाव म्हणालं, महार माजला. त्याचं बलुतं बंद केलं. त्यानं पोराला घेऊन कॅम्प गाठला. पेटीत एक कागद होता, इंग्रजीत, शिक्का मारलेला. घरात कुणाला वाचता येत नव्हता. पावसात छप्पर गळलं, कागदाला वाळवी लागली. आजीनं चुलीत घातला. काका म्हणाले, "त्या कागदावर त्याचं नाव व्हतं. आता कुटं हाय नाव? खांबावर पन नाय, किल्ल्यावर पन नाय."

माहिती सांगणारा पोरगा खिशातली वही काढून लिहीत होता. त्यानं विचारलं, "काका, त्यांचं नाव काय होतं?" काकांना आठवलं नाही. शेवटी 'नाक' होतं, एवढंच आठवलं. पोरानं तेवढंच लिहून घेतलं. खेडपर्यंत गाडीत कुणी बोललं नाही.

दोस्तहो, काम सोपं आहे आणि आपलंच आहे. खेड, दापोली, मंडणगड, महाड, चिपळूण ह्या भागातल्या बौद्धवाड्यांत अजून जुन्या पेट्या असतील. पलटणीतून सुटल्याचे कागद, पेन्शनची पुस्तकं, बिल्ले, पितळी बटणं असतील. चुलीत जाण्याआधी ते बाहेर काढा. म्हाताऱ्यांना विचारून नावं लिहून ठेवा, 'नाक' सकट लिहा, लाजू नका. कुणाचा बाप कोणत्या पलटणीत होता, कुठं लढला, परत आल्यावर गावानं त्याला काय वागवलं, तेही लिहा. आणि पुढच्या वेळी गाडी केली तर ड्रायव्हरला आधीच सांगून ठेवा, दापोलीला चहापुरतं थांबायचं नाही.